सुकी मासळी घाटावर कशी येते



फलटणच्या बाजारात कांद्यालसणाच्या आणि मिरचीच्या ओळी मागे टाकून पुढे गेले, की एका कडेला तरटावर मांडलेली सुक्या मासळीची दुकाने लागतात. ती कुणाला विचारावी लागत नाहीत. नाकच वाट दाखवते. बोंबलांच्या जुड्या, सुकटीचे ढीग, टोपलीत खारा बांगडा, आणि एखाद्या फडक्यावर राखून ठेवलेले चार मुठी सोडे. आपल्यापैकी काहीजण तिथून नाकाला रुमाल लावून पुढे जातात, आणि काहीजण मुद्दाम तिथेच जातात. आजचे बोलणे दोघांसाठीही आहे.

इथून समुद्र सरळ रेषेत सुमारे दीडशे किलोमीटर, आणि मध्ये सह्याद्री आडवा. नीरेच्या कालव्याखालचा ऊस सोडला, तर आपला हा मुलूख बाजरी-ज्वारीचा, पावसाकडे डोळे लावून बसणारा. अशा ठिकाणी समुद्रातला जीव भाकरीबरोबर खाल्ला जातो, आणि तो सुद्धा पैसेवाल्याच्याच नव्हे तर शेतमजुराच्या घरी. हे कसे जमले? तर पाणी काढून टाकून. सुक्या मासळीचा धंदा हा मुळात पाण्याचा हिशेब आहे. पाणी गेले की माल झाला, पाणी परत आले की माल बुडाला. एवढे ध्यानात ठेवले म्हणजे किनाऱ्यावरच्या बाईचे दुःख कळते आणि बाजारात आपण कुठे फसतो तेही कळते.

आधी बोंबील घ्या. ताजा बोंबील हातात धरला तर हातातून निसटतो, इतका तो लिबलिबीत. त्याच्या शंभर भागांत पंच्याऐंशीहून अधिक भाग निव्वळ पाणी. म्हणूनच तो ताजा टिकत नाही, आणि म्हणूनच सुकवल्यावर एवढा हलका होतो. सहा-सात किलो ओला बोंबील वाळवावा तेव्हा कुठे किलोभर सुका हाती येतो. हा मासा मुख्यतः उत्तर कोकणचा, म्हणजे पालघर, मुंबई, रायगड या पट्ट्यातला. तिथे समुद्रात खुंट रोवून किंवा नांगर टाकून पिशवीसारखे लांबट जाळे बांधतात, त्याला डोळ म्हणतात. भरती-ओहोटीचा प्रवाह जाळ्याच्या तोंडातून आत शिरतो आणि बरोबर बोंबील, जवळा, मांदेली, करंदी घेऊन येतो. माशाच्या मागे जायचे नाही, मासा आपणहून येईल अशी जागा धरायची.

बोंबील किनाऱ्यावर आला की पुढचे काम बहुतेक बायकांचे. बांबूंचे उंच मांडव करून त्यांवर दोऱ्या ताणतात. या मांडवाला वलांडी म्हणतात. दोन बोंबील घ्यायचे, एकाच्या जबड्यात दुसऱ्याचा जबडा अडकवायचा आणि ती जोडी दोरीवर टाकायची. शेकडो नव्हे, हजारो जोड्या. खालून-वरून वारा खेळतो, ऊन लागते, पाणी निथळते. मीठ लावावे लागत नाही. मिठावाचून निव्वळ वाऱ्यावर मासा वाळवण्याची रीत इतरत्रही आहे. नॉर्वे देशात लोफोटेन नावाची बेटे आहेत, तिथे हिवाळ्याच्या अखेरीस कॉड जातीचे मासे शेपटीकडून दोन-दोन बांधून लाकडी मांडवांवर असेच टांगतात. तिथे थंडी राखण करते, आपल्याकडे ऊन. जोडी मात्र दोन्हीकडे आहे!

जवळ्याचे तसे नाही. जवळा म्हणजे कोळंबीची पिल्ले, असे पुष्कळांना वाटते; ते खरे नाही. ती निराळी, मुळातच बारीक राहणारी जात आहे. एवढासा जीव दोरीवर टांगणार कसा? म्हणून तो जमिनीवर पसरतात. काही ठिकाणी आपल्या खळ्यासारखी शेणाने सारवलेली जागा असते, काही ठिकाणी सिमेंटचे ओटे किंवा खाली अंथरलेली जाळी असते, आणि काही ठिकाणी सरळ वाळूच. आपल्या सुकटीच्या कालवणात दाताखाली जी कचकच येते, तिचा उगम हा. सोडे म्हणजे सोललेली, वाळवलेली कोळंबी. एकेक कोळंबी हाताने सोलायची, त्यातून वजन हे असे घटायचे. मग तिचा भाव ऐकून आपण दचकतो यात नवल नाही.

बांगडा, सुरमई, धोमा यांना मीठ लागते. बांगडा तेलकट, नुसत्या उन्हात तो खवट होतो. मीठ अंगातले पाणी ओढून घेते आणि किडीला थारा देत नाही. इथे एक इतिहास आठवतो. इंग्रजी अमलात मिठावर कर होता, आणि खारी मासळी करणाऱ्याला मीठ म्हणजे धंद्याचे भांडवल. १९३० साली गांधीजी दांडीला गेले, त्याच वर्षी आपल्याकडे शिरोड्याला मिठाचा सत्याग्रह झाला. शहरातल्या माणसाला चिमूटभर मिठाचा कर कळलाही नसेल, पण टोपलीभर मासे खारवणाऱ्याला तो रोज कळत होता. १९४७ मध्ये तो कर गेला. वलांडीवरच्या बोंबलाला या कराची झळ फारशी लागली नसावी, असे मला आपले वाटते. त्याचे मीठ म्हणजे वारा.

आता हा माल वर कसा चढला ते पाहू. मोटारी नव्हत्या तेव्हा बैलांच्या पाठीवरून मीठ, नारळ, सुकी मासळी घाटावर येई आणि उतरताना धान्य, गूळ, मिरची खाली जाई. महाडहून वरंध्याच्या घाटाने भोर, तिथून शिरवळ, लोणंद आणि फलटण, ही वाट आजही आहे. चिपळूणहून कुंभार्ली घाटाने कराड, ही दुसरी. आता बराचसा माल मुंबईकडच्या घाऊक बाजारांतून ट्रकने येतो. अंधेरीजवळ मरोळला सुक्या मासळीचा मोठा बाजार भरतो, आणि तिथे विकायला बसणाऱ्या बहुतेक कोळणीच असतात.

या व्यापाराला एक ठराविक कालचक्र आहे. पावसाळ्यात समुद्र खवळतो आणि तोच माशांच्या विणीचा काळ. म्हणून १ जूनपासून निदान जुलैअखेरपर्यंत यांत्रिक नौकांना मासेमारीची बंदी असते. कोकणात पावसाळ्यापूर्वी जी बेगमी करतात तिला आगोट म्हणतात. तिच्यात तांदूळ, लाकूडफाटा, मसाला यांच्या जोडीला सुकी मासळी हवीच. आपल्याकडेही मृगाच्या आधी बायका वर्षाचा मसाला करतात, तेव्हा डब्यात बोंबील पडतात. पेरणीच्या घाईत भाजीपाला महाग आणि शेतात जायची गडबड. अशा वेळी दोन बोंबील निखाऱ्यावर भाजले, लसूण-मिरचीबरोबर ठेचले, की भाकरी खाली उतरते. मग आषाढीची वारी येते, ज्ञानोबांची पालखी आपल्या गावावरून जाते, पाठोपाठ श्रावण येतो, आणि डबा पुष्कळ घरांतून महिनाभर बंद राहतो.

असा व्यवहार आपलाच आहे असे नाही. आग्नेय आशियात कंबोडिया नावाचा भातशेतीचा देश आहे. तिथे तोनले साप हे प्रचंड सरोवर आहे. पावसाळ्यात मेकाँग नदीचे पाणी उलटे वाहून सरोवरात शिरते आणि ते कितीतरी पट फुगते. पाणी ओसरू लागले की त्याबरोबर बारीक मासे नदीत उतरतात. त्या हंगामात दूरदूरचे शेतकरी नदीकाठी येतात, एके काळी बैलगाड्यांतून भात घेऊन येत, आणि मासे घेतात. ते ठेचून, मीठ घालून, मडक्यात भरून आंबवतात. त्याला प्राहोक म्हणतात. वर्षभर भाताबरोबर तेच कालवण. त्या बारीक माशाचे नाव रिएल, आणि देशाच्या नाण्याचे नावही रिएल. नाण्याला नाव माशावरूनच मिळाले, असे तिथले लोक सांगतात. हवा दमट, म्हणून त्यांनी मासा वाळवण्यापेक्षा आंबवणे पत्करले. आपली घाटावरची हवा कोरडी, म्हणून आपल्याला बोंबील मानवला. भातकऱ्याला मासा हवा, मासेवाल्याला धान्य हवे, हे मात्र दोन्हीकडे एकच.

मघा मी किनाऱ्यावरच्या बाईचे दुःख म्हणालो. शेतकऱ्याचे उभे पीक गारपिटीने गेले तर गावात तलाठी येतो, पंचनामा होतो, भरपाई थोडी का होईना पण तिची भाषा तरी होते. वलांडीवर टांगलेला बोंबीलसुद्धा पीकच आहे. दोन दिवस ऊन खाल्लेल्या बोंबलावर एक पाऊस पडला, की तो पुन्हा पाणी पितो, काळा पडतो, त्याला अळी लागते. मग तो खतात किंवा कोंबड्यांच्या खाद्यात जातो, मातीमोल भावाने. २०१७ च्या डिसेंबरात ओखी चक्रीवादळ अरबी समुद्रातून गुजरातकडे निघाले होते. मुंबईला त्याने नुसता पाऊस दिला, शाळांना सुट्टी मिळाली. पण त्या पावसात मुंबई-पालघरच्या किनाऱ्यावर वाळत घातलेली मासळी भिजून गेली. २०१९ च्या हंगामात क्यार आणि महा ही दोन वादळे पाठोपाठ आली आणि बोटी ऐन दिवसांत बंदरात अडकल्या. बोट बुडाली तर नोंद होते, जाळे फाटले तर निदान दाखवता येते. पण दोरीवरची भिजलेली मासळी कुणाच्या सातबाऱ्यावर दाखवायची? २०२५ च्या एप्रिलमध्ये राज्य मंत्रिमंडळाने मत्स्यव्यवसायाला शेतीसारखा दर्जा देण्याचा निर्णय केला. चांगले झाले. वीज, कर्ज, विमा यांत तो उतरेल तेव्हा उतरेल. पण वलांडीवरच्या मालाचे काय, हा प्रश्न मी तरी विचारीत राहणार आहे.

उपाय नाहीत असे नाही. कोचीच्या केंद्रीय मत्स्य तंत्रज्ञान संस्थेने सूर्याच्या उष्णतेवर चालणारी वाळवणयंत्रे तयार केली आहेत. ढग आले तर विजेवर किंवा गॅसवर काम चालू राहते, वाळू-माश्यांचा प्रश्नही राहत नाही. पण यंत्रातल्या मालाचा भाव चढा, आणि गिऱ्हाइकाला स्वस्ताची सवय. म्हणजे गोष्ट फिरून आपल्यापाशीच येते. १९९७ साली युरोपीय आयोगाच्या नियमामुळे ब्रिटनमध्ये आपल्या बोंबलाची आयात बंद पडली. मासळी मान्यता असलेल्या कारखान्यातूनच आलेली असावी, असा तो नियम. दोरीवर वाळलेला बोंबील त्यात बसेना. तिथल्या शौकिनांनी ओरड केली. अखेर तोड निघाली ती अशी, की वाळवा हवे तर उघड्यावर, पण बांधून भरायचे काम मान्य केंद्रात करा. परदेशी गिऱ्हाइकाने आग्रह धरला तर माल स्वच्छ भरला जातो. आपणही तो आग्रह का धरू नये?

तेव्हा बाजारात काय पाहावे ते सांगतो. सुकट मुठीत घट्ट दाबून मूठ उघडावी. दाणा सुटा झाला तर माल कोरडा. गोळा राहिला तर तुम्ही पाणी विकत घेत आहात. हिशेब सोपा आहे. शंभरात पंधरा भाग पाणी असावे तिथे तीस असले, तर किलोमागे दीडशे ग्रॅम पाण्याचे पैसे तुम्ही सुकटीच्या भावाने मोजता. वाळूची शंका असेल तर चिमूटभर सुकट वाटीतल्या पाण्यात टाकून हलवावी. वाळू तळाशी बसते. बोंबील फिकट पिवळसर आणि ताठ असावा. वाकवला की मऊपणे दुमडला तर ओल आहे. खाऱ्या बांगड्यावर गुलाबी-लाल छटा दिसली किंवा वास नाकात झोंबला, तर तो घेऊ नये. घरी आणल्यावर मे महिन्याच्या उन्हात पुन्हा एक दिवस तापवावा आणि पुरता निवल्यावर घट्ट झाकणाच्या डब्यात भरावा. गरम भरला तर आत घाम येतो. आणि एक गोष्ट कळकळीने सांगतो. धान्याला लावायची कीडनाशक पावडर मासळीच्या डब्यात कधीही टाकू नका. धान्य आपण निवडतो, धुतो. सुकट पुष्कळदा नुसती भाजून तोंडात जाते.

शिक्षकबंधूंशी दोन शब्द. मी प्राथमिक शाळेत असताना आमच्या वर्गातल्या एका मुलाच्या डब्यात रोज बोंबलाची चटणी असे. डबा उघडला की हशा पिके, आणि गुरुजी त्याला ओट्यावर जाऊन खायला सांगत. काही दिवसांनी त्याने डबा आणायचेच सोडले. दुपारभर तो उपाशी बसे. हसणाऱ्यांत मीही होतो. आता पोषणाची कोष्टके पाहिली की ती दुपार आठवते. सुक्या बोंबलात शंभर भागांत साठच्या आसपास प्रथिने असतात, डाळीत बावीस-चोवीस. अर्थात शंभर ग्रॅम बोंबील कुणी एका बैठकीला खात नाही. पण वीस ग्रॅम खाल्ला तरी सुमारे दोन अंड्यांएवढी प्रथिने पोटात जातात, आणि काट्यासकट खातो म्हणून चुनाही मिळतो. खाऱ्या मासळीत मीठ फार, तेव्हा रक्तदाब असणाऱ्याने ती बेतानेच खावी, किंवा आधी पाण्यात भिजवून ते पाणी ओतून द्यावे. वर्गातल्या पोरांचा रक्तदाब मात्र अजून चढायचा आहे. त्यांना डबा वर्गातच खाऊ द्यावा आणि हवी तर खिडकी उघडावी.