चोराची चतुराई, पोलिसाची चिकाटी

चोराची चतुराई लोक चवीने सांगतात. त्याला हुडकणाऱ्याची चिकाटी मात्र पोलीस ठाण्याच्या दप्तरात पडून राहते. चार्ल्स शोभराजच्या बाबतीत नेमके हेच झाले, असे आम्हांस वाटते.

१९७१ साली दिल्लीच्या अशोका हॉटेलातील जवाहिरांच्या लुटीनंतर या इसमास मुंबईत पकडणारे अधिकारी मधुकर झेंडे होते. पुढे आजाराचे सोंग करून तो रुग्णालयातून निसटला. १९७६ साली तो पुन्हा गजाआड झाला. परंतु १६ मार्च १९८६ रोजी वाढदिवसाचे निमित्त करून त्याने पहारेकऱ्यांना गुंगीची मिठाई चारली आणि तिहार तुरुंगातून तो राजरोस बाहेर पडला. त्याचे हत्यार एकच : समोरच्याचा विश्वास.

झेंडे यांच्यापाशी होते ते पंधरा वर्षांपूर्वी पाहिलेल्या चेहऱ्याचे स्मरण. माग काढीत ते तेव्हा केंद्रशासित असलेल्या गोव्यात आले आणि पर्वरीच्या ‘ओ कोकेरो’ उपाहारगृहात साध्या वेषात पाळत ठेवून बसले. ६ एप्रिलच्या रात्री शोभराज तेथे येताच त्यांनी त्याला नावाने हाक मारून घट्ट धरले. बेड्या जवळ नव्हत्या; दोराने बांधून त्याला नेण्यात आले.

तथापि ही लढत येथेच संपली नाही. थायलंडमधील खुनाच्या आरोपांची वीस वर्षांची मुदत टळावी म्हणूनच तो पळाला व पुन्हा तुरुंगात जाण्यास राजी होता, असे मानले जाते. १९९७ साली तो सुटला, तेव्हा ती मुदत संपली होती. झेंडे यांनी माणूस पकडला. कायद्याच्या दिनदर्शिकेने त्याला हातचा जाऊ दिला. अखेर २००३ साली नेपाळमध्ये सापडल्यावर त्याला खुनाबद्दल जन्मठेप झाली. २०२२ च्या डिसेंबरात सुटून तो फ्रान्सला गेला.

सिल्वासाच्या वाचकांना यातील बोध दूरचा नाही. तेथून गुजरात व महाराष्ट्र या दोन्ही राज्यांच्या सीमा हाकेच्या अंतरावर. एका हद्दीतील चोर दुसरीत सहज दडू शकतो. अशा वेळी हद्दीचा वाद घालीत बसणारा अंमलदार चोराचेच काम सोपे करतो. धाडसी अधिकारी एखादाच लाभतो. त्याच्या पश्चात सावध पहारा, जलद खटला आणि शेजारच्या ठाण्याशी सलोखा एवढे तरी शासनाने राखलेच पाहिजे.