पुरावा मागणारा लेखक : सायमन सिंग

३ चा वर्ग ९ आणि ४ चा वर्ग १६. त्यांची बेरीज २५, म्हणजे ५ चा वर्ग. आता वर्गाऐवजी घन घेऊन असेच तीन धन पूर्णांक शोधा बरे! ते सापडणार नाहीत. घनाहून मोठा कोणताही घात घेतला तरी सापडणार नाहीत, असे फेर्मा या फ्रेंच गणितज्ञाने सुमारे १६३७ साली एका ग्रंथाच्या समासात लिहून ठेवले. ते सिद्ध होण्यास साडेतीनशेहून अधिक वर्षे लागली.

ही कथा सर्वसामान्य वाचकांपर्यंत नेली ती सायमन सिंग या ब्रिटिश लेखकाने. त्यांचा जन्म १९६४ चा. आईवडील पंजाबातून इंग्लंडला गेलेले. लंडनच्या इम्पीरियल कॉलेजात त्यांनी भौतिकीचा अभ्यास केला. पुढे केंब्रिजच्या पीएच.डी.साठी जिनिव्हाजवळील सर्न प्रयोगशाळेत मूलकणांवर संशोधन केले आणि मग ते बीबीसीत दाखल झाले. फेर्माचे प्रमेय सिद्ध केल्याचे अँड्र्यू वाइल्स यांनी १९९३ मध्ये जाहीर केले. पण तपासणीत चूक निघाली. ती त्यांनी १९९४ मध्ये दुरुस्त केली. सिंग यांनी यावर १९९६ मध्ये माहितीपट काढला आणि १९९७ मध्ये पुस्तक लिहिले.

त्यांचे पुढचे पुस्तक १९९९ चे, गुप्तलिपींवरचे. त्याच्या शेवटी दहा सांकेतिक मजकूर देऊन ते उलगडणाऱ्यास दहा हजार पौंडांचे बक्षीस ठेवले होते. स्वीडनमधील पाच जणांनी २००० साली ते पटकावले. २००४ मध्ये विश्वाच्या उत्पत्तीवर, तर २०१३ मध्ये एका विनोदी व्यंगचित्रमालिकेत दडलेल्या गणितावर त्यांनी पुस्तक लिहिले. विषय किती निरनिराळे! पण प्रश्न एकच : हे कशावरून?

हाच प्रश्न त्यांना महागात पडला. पाठीचे मणके हाताने दाबून मुलांचा दमा, पोटशूळ वगैरे विकार बरे करता येतात, या दाव्याला पुरेसा पुरावा नाही, असे त्यांनी २००८ साली एका वृत्तपत्रात लिहिले. अशा उपचारकांच्या संघटनेने त्यांच्यावर अब्रूनुकसानीचा दावा लावला. खटला वृत्तपत्रावर नव्हता, एकट्या लेखकावर होता. माफी मागून सुटका करून घेणे सोपे होते. सिंग मागे हटले नाहीत. २००९ मध्ये प्राथमिक निर्णय त्यांच्या विरुद्ध गेला. परंतु एप्रिल २०१० मध्ये अपील न्यायालयाने तो फिरविला. वैज्ञानिक वादाचा निवाडा न्यायालयात करू नये, असा त्याचा रोख होता. त्याच महिन्यात संघटनेने दावा मागे घेतला.

या प्रकरणाने इंग्लंडमध्ये कायदा बदलण्याच्या चळवळीस मोठे बळ मिळाले. २०१३ च्या नव्या कायद्याने, तज्ज्ञांनी तपासून शास्त्रीय नियतकालिकात छापलेल्या लेखनाला संरक्षण दिले.

वाइल्स यांची सिद्धता इतरांनी तपासली, म्हणूनच तिच्यातील चूक सापडली आणि ती अखेर पक्की झाली. औषधोपचारांनाही हाच नियम लागू नको का? वर्गात ‘कशावरून?’ असे विचारताना, मित्रांनो, मुळीच संकोच करू नका. आणि शिक्षकांनो, तो प्रश्न आपल्याला विचारला गेला तर रागावू नका!