बाप्तिस्म्याची वही

ईस्टरच्या आधीच्या रविवारास ख्रिस्ती लोक झावळ्यांचा रविवार म्हणतात. येशू ख्रिस्त गाढवावर बसून जेरुसलेम नगरीत प्रवेशला, तेव्हा लोकांनी झावळ्या हाती घेऊन त्याचे स्वागत केले, त्या प्रसंगाचा हा उत्सव. १९३७ साली तो २१ मार्च रोजी आला. त्या सकाळी जर्मनीतील कॅथलिक मंदिरांत भाविक जमले, आणि धर्मगुरूंनी व्यासपीठावरून पोप अकरावे पायस यांचे एक पत्र वाचावयास घेतले. लॅटिनचा प्रघात मोडून ते मुद्दाम जर्मन भाषेत लिहिले होते. गुप्तपणे सीमेआड आणून, निरनिराळ्या छापखान्यांत छापून ते हातोहाती गावोगाव पोचविलेले होते. वंश, राष्ट्र वा राज्यसत्ता यांस देवाच्या आसनी बसविणे ही ईश्वराची विटंबना होय, असा त्याचा आशय. हिटलरचे सरकार खवळले. पत्र छापणारे अनेक छापखाने त्याने जप्त केले.

धर्मसंस्थेच्या धैर्याची ही कथा येथेच संपती, तर कीर्तनात सांगावयास मोठी सोपी गेली असती. परंतु या पत्रात ज्यूंच्या छळाचा उघड उल्लेख नव्हता. शिवाय हिटलर सत्तेवर आल्यावर सहा महिन्यांच्या आत, २० जुलै १९३३ रोजी, याच पोपच्या वतीने कार्डिनल पाचेल्ली यांनी त्याच्या सरकारशी करारावर सही केली होती. पुढे १९३९ मध्ये हेच बारावे पायस म्हणून पोप झाले. शाळा, संस्था, उपासना यांस अभय मिळावे आणि त्याच्या बदल्यात धर्मगुरूंनी पक्षीय राजकारणातून अंग काढून घ्यावे, असा तो सौदा. त्यातील अभय लवकरच कागदावर उरले.

प्रॉटेस्टंट पंथाचे लोक त्या काळी जर्मनीत बहुसंख्य होते. त्यांच्यात 'जर्मन ख्रिस्ती' नावाचा एक गट निघाला. नोव्हेंबर १९३३ मध्ये बर्लिनच्या क्रीडागृहात सुमारे २०,००० लोकांसमोर या गटाच्या एका वक्त्याने मागणी केली, की बायबलातील जुना करार ज्यूंचा आहे, सबब तो टाकून द्यावा! ज्या येशूच्या नावे सभा भरली तो स्वतः ज्यू मातेच्या पोटी जन्मला, याची आठवण तेथे कोणी दिली नाही. या प्रकाराने पुष्कळ पाळक मात्र दचकले. मे १९३४ मध्ये बार्मेन गावी जमून त्यांनी कार्ल बार्ट या पंडिताच्या हातचे एक घोषणापत्र मान्य केले: चर्चचा धनी ख्रिस्त आहे, राज्यसत्ता नव्हे. त्यांच्यातील मार्टिन नीम्योलर १९३७ पासून १९४५ पर्यंत बंदिवासात राहिले. एवढे तेजस्वी ते घोषणापत्र. त्यातही ज्यूंविषयी एक अक्षर नाही. आपल्या व्यासपीठावर सरकारचा हात पडला तेव्हा चर्च उठून उभे राहिले. शेजाऱ्याच्या मानेवर पडला तेव्हा बहुतेक वेळी बसूनच राहिले.

बसून राहिले, हेही अपुरे आहे. या इतिहासात एक वस्तू माझ्या मनातून जात नाही. ती म्हणजे बाप्तिस्म्याची वही.

आमच्या क्षेत्री तीर्थोपाध्याय यजमानाची वही उघडतात, मोडीतील ओळींवर बोट फिरवितात आणि पणजोबांचे नाव काढून दाखवितात. कितीतरी यात्रेकरूंचे डोळे त्या वेळी पाणावलेले मी पाहिले आहेत. तशीच वही प्रत्येक चर्चमध्ये असते. बालकास बाप्तिस्मा दिला की त्याचे नाव तीत चढते. १९३३ च्या एप्रिलात कायदा निघाला, की सरकारी नोकराने आपण 'आर्य' असल्याचे सिद्ध करावे. पुढे ही सक्ती इतरांवरही आली. (हा शब्द आमच्या संस्कृतातला. अमरकोशात तो कुलीन, सभ्य, सज्जन, साधू यांच्या पंक्तीस बसलेला आहे. रक्त तपासण्याचे यंत्र म्हणून नव्हे.) या सिद्धतेसाठी स्वतःची, आईबापांची व चारही आजीआजोबांची मिळून जन्माची वा बाप्तिस्म्याची सात प्रमाणपत्रे आणि विवाहाची तीन लागत. जर्मनीत जन्माची सरकारी नोंद सर्वत्र सुरू झाली ती १८७६ साली. त्यापूर्वीच्या आजोबांचे नाव सापडावयाचे ते चर्चच्याच वहीत.

तेव्हा वह्या उघडल्या गेल्या. पाळकांनी आणि चर्चच्या कारकुनांनी लक्षावधी दाखले लिहून दिले. बर्लिनमध्ये तर १९३६ साली कार्ल थेमेल नावाच्या पाळकाच्या देखरेखीखाली चर्चने जुन्या वह्या एकत्र करून कचेरीच थाटली, आणि बाप्तिस्मा घेतलेल्या ज्यूंची स्वतंत्र सूची तयार केली. ज्या पाण्याने मनुष्य नवा होतो असे त्यांचा धर्म सांगतो, त्याच पाण्याची नोंद मनुष्यास हुडकण्यासाठी वापरली गेली. डिसेंबर १९४१ मध्ये सात प्रांतिक प्रॉटेस्टंट चर्चनी ज्यू वंशाच्या आपल्याच बांधवांस मंडळीबाहेर काढले.

बोलून काय होणार होते, असा प्रश्न यावर विचारतात. याची दोन उत्तरे इतिहासात आहेत आणि ती एकमेकांशी जुळत नाहीत. ३ ऑगस्ट १९४१ रोजी म्युन्स्टरचे बिशप फॉन गालेन यांनी मनोरुग्णांची सरकार हत्या करीत आहे, असे प्रवचनात उघड सांगितले. त्याच्या प्रती चोरून देशभर फिरल्या. त्याच महिन्यात हिटलरने विषारी वायूने चाललेले ते हत्याकांड थांबविले. तोवर सुमारे ७०,००० जीव गेले होते. पुढेही उपासमारीने आणि औषधांनी गुप्त हत्या चालूच राहिल्या. तथापि एका बिशपच्या वाणीने हिटलरला हात आखडावा लागला. हेच बिशप ज्यूंसाठी असे जाहीरपणे कधी बोलले नाहीत.

दुसरे उत्तर हॉलंडचे. तेथील कॅथलिक बिशपांनी २६ जुलै १९४२ रोजी ज्यूंच्या हद्दपारीचा निषेध करणारे पत्र चर्चमधून वाचविले. सूड म्हणून २ ऑगस्टला कॅथलिक झालेल्या ज्यूंस पकडण्यात आले. त्यांत ईडिथ स्टाईन ही तत्त्वज्ञ जोगीण होती. आठवड्याच्या आत ऑश्विट्झ येथे तिचा वध झाला. मौनाचे समर्थक हा दाखला देतात, आणि तो क्षुल्लक नव्हे. परंतु बाप्तिस्मा न घेतलेल्या ज्यूंच्या गाड्या त्याच जुलैच्या मध्यापासून सुटू लागल्या होत्या. पत्र वाचले नसते म्हणून त्या थांबल्या नसत्या.

ऑक्टोबर १९४५ मध्ये जर्मन प्रॉटेस्टंट पुढाऱ्यांनी स्टुटगार्ट येथे आपला दोष कबूल केला. त्या कबुलीतही ज्यूंचे नाव आले नाही.

हे नाव जेव्हा घ्यावयाचे होते तेव्हा देवासमोर मोठ्याने घेणारा एक धर्मगुरू बर्लिनमध्ये होता. बर्नहार्ड लिख्टेनबर्ग हे सेंट हेडविग या महामंदिराचे प्रमुख. ९ नोव्हेंबर १९३८ च्या रात्री देशभर ज्यूंची प्रार्थनास्थळे पेटविण्यात आली. त्यानंतर रोजच्या सायंप्रार्थनेत ते ज्यूंसाठी आणि छळछावण्यांतील बंदिवानांसाठी सर्वांदेखत प्रार्थना करू लागले. हा क्रम जवळजवळ तीन वर्षे चालला. एके संध्याकाळी ती प्रार्थना कानी पडलेल्या दोन विद्यार्थिनींनी पोलिसांत वर्दी दिली. २३ ऑक्टोबर १९४१ रोजी त्यांना अटक झाली. ज्यांना पूर्वेकडे हाकलीत आहात त्यांच्याबरोबर मलाही पाठवा, मी तेथे त्यांची सेवा करीन, असे त्यांनी पोलिसांस सांगितले. न्यायालयाने दोन वर्षांची शिक्षा दिली. ती संपल्यावर त्यांना घरी न सोडता डाखाऊच्या छावणीकडे रवाना करण्यात आले. वाटेत होफ गावी, ५ नोव्हेंबर १९४३ रोजी, वयाच्या ६७ व्या वर्षी त्यांनी देह ठेवला.