नदीच्या पोटातला महाल

पावसाळ्यात बोरी नदी दुथडी भरून वाहू लागली की नळदुर्गला गर्दी लोटते. किल्ल्यातल्या बंधाऱ्यावरून ‘नर’ आणि ‘मादी’ हे दोन धबधबे कोसळतात, ते पाहायला सोलापूर-लातूरकडची माणसे पोराबाळांसह येतात. मला मात्र त्या दोन धारांच्या मागच्या भिंतीचे अप्रूप जास्त वाटते. त्या भिंतीच्या पोटात पाणीमहाल आहे.

तुळजापूर तालुक्यातला हा किल्ला आणि शेजारचा रणमंडळ नावाचा कोट यांच्या मधून बोरी वाहते. विजापूरच्या दुसऱ्या इब्राहिम आदिलशहाच्या काळात, १६१३ च्या सुमारास, तिथे काळ्या दगडाचा बंधारा उभा राहिला. मीर इमादीन हे त्याच्या स्थपतीचे नाव सांगतात. लांबी सुमारे १७४ मीटर, उंची १९ मीटर. त्याने पाणी अडले, दोन्ही कोटांमधली ये-जा सोपी झाली आणि तुंबलेल्या पाण्यामुळे शत्रूची वाट बिकट झाली. एवढ्यावर कुणीही थांबले असते. या स्थपतीने त्याच भिंतीत खोल्या काढल्या.

बंधाऱ्याच्या माथ्यावरून अरुंद, अंधारा जिना आत उतरतो. पाय चाचपत खाली गेले की नदीच्या अंगाला उघडणारा दालनाचा सज्जा लागतो. एका बाजूला अडवलेल्या पाण्याचा सारा दाब, दुसऱ्या बाजूला कोसळती नदी, आणि मधे माणूस निवांत उभा. सांडव्यांतून सुटलेली धार सज्ज्यासमोरून झेपावत खाली जाते. अंगावर तुषार येतात, पण लोंढा आत शिरत नाही. आवाज मात्र एवढा की शेजाऱ्याशी बोलायचे तर कानाशी तोंड न्यावे लागते. चुन्यात बसवलेले हे घडीव दगड चारशे वर्षे नदीचे धक्के सोसत आहेत. आज भुयारी रस्ते बांधताना पाणी बाहेर ठेवण्यासाठी यंत्रांची फौज लागते. इथे गवंड्याची नजर आणि दगडाचे वजन एवढ्यावर काम भागले.

 

आता नदीच्या वरच्या अंगाला बोरी धरण आहे, कुरनूर प्रकल्पाचे. ते भरून सांडवा वाहू लागला की धबधब्यांना जोर चढतो, आणि अवर्षणाच्या वर्षी ते गप्पच राहतात. तेव्हा निराश होऊन परत फिरू नये. पाणी नसताना सांधे दिसतात, सांडव्यांची तोंडे जवळून पाहता येतात, दालनात हळू आवाजात बोलता येते. इमादीनने काय साधले ते नीट समजून घ्यायचे असेल, तर मी हिवाळ्यातच जा म्हणेन.