सावल्या पुसणारे कार्ल फ्रॉइंड

'आय लव्ह लूसी' या अमेरिकी विनोदी मालिकेत चॉकलेटच्या कारखान्याचा एक प्रसंग आहे. १९५२ साली तो पहिल्यांदा दाखवला गेला आणि आजही लोक तो हुडकून पाहतात. सरकत्या पट्ट्यावरून चॉकलेटं येत राहतात. लूसी आणि तिची मैत्रीण एथेल यांनी ती एकेक करून कागदात गुंडाळायची. पट्ट्याचा वेग वाढतो तशी दोघींची त्रेधा उडते. चॉकलेटं तोंडात, टोपीत, कपड्यांत, जिथं जागा मिळेल तिथं कोंबली जातात. दोघी वाकतात, वळतात, एकमेकींना ढकलतात. पण ते फुगलेले गाल आणि भेदरलेले डोळे आपल्याला सतत दिसत राहतात.

ते दिसत राहावेत अशी प्रकाशयोजना करणारे होते कार्ल फ्रॉइंड. जन्म १८९० चा, बोहेमियातला. वाढले बर्लिनमध्ये. जर्मन दिग्दर्शक मुर्नाऊ यांचा 'द लास्ट लाफ' (१९२४), फ्रिट्झ लांग यांचा 'मेट्रोपोलिस' (१९२७) या चित्रपटांच्या छायाचित्रकारांत त्यांचं नाव आहे. १९२९ मध्ये ते अमेरिकेत आले, 'ड्रॅक्युला' चित्रित केला, 'द ममी' दिग्दर्शित केला आणि 'द गुड अर्थ'च्या छायाचित्रणासाठी ऑस्कर मिळवलं. अंधारातून चेहरा काढावा तो जर्मन घराण्यातल्या माणसानंच! हे घराणं आपल्यालाही परकं नाही. मालाडच्या बॉम्बे टॉकीजमध्ये काम केलेले योझेफ विर्शिंग याच मातीतले. 'महल'मधला तो गूढ काळोख त्यांच्या कॅमेऱ्याचा.

फ्रॉइंड यांच्यासारखा माणूस साठी ओलांडल्यावर टीव्हीकडे वळला, याचं मूळ एका अडचणीत आहे. १९५१ मध्ये अमेरिकेतले मोठे कार्यक्रम बहुतेक न्यूयॉर्कहून थेट प्रसारित होत. देशाच्या बाकीच्या भागांसाठी टीव्हीचा पडदाच फिल्मवर टिपून पाठवला जाई आणि ते चित्र धूसर, पिचकं दिसे. लूसीची भूमिका करणाऱ्या ल्यूसिल बॉल आणि त्यांचे पती देसी अर्नाझ यांना हॉलिवूड सोडायचं नव्हतं. मग तोडगा निघाला तो असा: मालिका हॉलिवूडमध्येच ३५ मिमी फिल्मवर चित्रित करायची, पण नाटकासारखी, सलग, सुमारे ३०० प्रेक्षकांसमोर आणि एकाच वेळी तीन कॅमेऱ्यांनी. 'ड्यूबॅरी वॉज अ लेडी'त (१९४३) बॉल यांना फ्रॉइंड यांनीच टिपलं होतं, म्हणून त्यांना बोलावणं गेलं. हे जमणार नाही, असं त्यांनी आधी सांगितलं होतं, हे अर्नाझ यांनीच आपल्या आठवणींत लिहून ठेवलं आहे.

त्यांचं म्हणणं खोटं नव्हतं. सिनेमात एका वेळी एकच चौकट उजळायची असते. लांबचं दृश्य झालं की काम थांबतं, लाइटमन दिवे हलवतात, मग जवळचा चेहरा घेतला जातो. इथं मधला कॅमेरा सगळी खोली घेत असताना बाजूचे दोन कॅमेरे चेहरे टिपत होते. एकाला साजेसा प्रकाश दुसऱ्याला मारक. शिवाय दिव्यांचे स्टँड जमिनीवर ठेवले तर कॅमेऱ्यांची वाट अडणार आणि प्रेक्षकांना काही दिसणार नाही.

फ्रॉइंड यांनी जवळजवळ सगळे दिवे वर टांगले. पण निव्वळ वरून आलेल्या प्रकाशानं डोळ्यांच्या खोबणी काळ्या पडतात आणि डोळे हरवले की विनोदी नट अर्धा संपतो. म्हणून प्रत्येक कॅमेऱ्यावर, भिंगाच्या वरच्या बाजूला, एक छोटा दिवा बसवला. कॅमेरा जाईल तिथं तो जाई आणि समोरच्या चेहऱ्यातला काळोख भरून काढी. उरला प्रश्न टीव्हीचा. तेव्हाचा टीव्ही काळा-पांढरा भेद जास्तच भडक करून दाखवी. त्यावर इलाज म्हणून प्रकाश समतोल, सपाट ठेवला आणि सेट करड्या रंगाच्या वेगवेगळ्या छटांनी रंगवला. भिंतीवर नको तिथं सावली राहिली, तर तेवढा भाग रंगानंच सावरून घेतला जाई.

मला या माणसाचं मोठेपण इथं दिसतं. आयुष्यभर सावल्यांवर नाव कमावलं आणि मग त्याच सावल्या एकेक करून पुसल्या, कारण समोरच्या नटीला मोकळं हलायचं होतं. चित्रपटात नट प्रकाशाच्या खुणेवर येऊन उभा राहतो. या सेटवर बॉल कुठंही धडपडल्या तरी प्रकाश तिथं आधीच हजर असे. प्रेक्षकांचा खरा हशा, त्या हशासाठी थांबलेला नट आणि पुन्हा सुरू झालेलं वाक्य हे सगळं तुटक चित्रीकरणात हाती लागलं नसतं. सपाट प्रकाश म्हणजे आळशी प्रकाश, असं सिनेमातली मंडळी अजूनही बोलून जातात. 'लूसी'चा सेट उजळणं 'मेट्रोपोलिस'पेक्षा सोपं होतं, असं मला तरी वाटत नाही.

आणि हे काही एकट्याचं काम नव्हतं, लाइटमनचंही होतं. तालमी बघून कोण कुठून कुठं जाणार ते लक्षात ठेवायचं, उंच फळ्यांवर चढून तापलेल्या दिव्यांची तोंडं वळवायची, त्यांच्या झडपा बोटभर आत-बाहेर करायच्या, मीटरनं मोजायचं, पुन्हा चढायचं. त्या मीटरबद्दल सांगायलाच हवं: फ्रॉइंड यांनी प्रकाश मोजणारी उपकरणं बनवण्यासाठी 'फोटो रिसर्च' ही कंपनीच काढली होती. नजरेला चांगलं दिसतं एवढ्यावर त्यांचा भरवसा नसे.

'आय लव्ह लूसी'चे १८० भाग झाले, शेवटचा मे १९५७ मध्ये. फिल्मवर असल्यामुळे ते टिकले आणि पुन्हा पुन्हा दाखवता आले. फ्रॉइंड १९६९ मध्ये गेले. पुढं 'चिअर्स' आणि 'फ्रेंड्स' या मालिकाही प्रेक्षकांसमोर, अनेक कॅमेऱ्यांनी, फिल्मवरच चित्रित झाल्या आणि वर टांगलेल्या दिव्यांखाली लाइटमनच्या कित्येक पिढ्यांना रोजगार मिळाला. चॉकलेटचा तो प्रसंग पुन्हा लावाल तेव्हा एकदा आवाज बंद करून पाहा आणि नजर दोघींच्या डोळ्यांवर ठेवा.