रताळ्याला तिखटाची वाट

महाशिवरात्रीच्या आधीचे दोन दिवस बीड, परळी, अंबाजोगाईच्या भाजीबाजारात दोन ढीग हमखास दिसतात. एक कवठांचा, दुसरा रताळ्यांचा. कवठ फोडून त्यात गूळ आणि जिरे घालायचे, चटणी वाटायची. रताळी उकडायची, नाहीतर त्यांच्या चकत्या तुपावर परतून गुळाच्या पाकात सोडायच्या. आंबट फळात गूळ घालण्यामागचे कारण सरळ आहे. मुळातच गोड असलेल्या कंदातही आपण गूळच का ओततो, हे मात्र मला कधी पटलेले नाही.

शिवाय आपल्याकडचा उपवास काही गोडाचा नाही. बीडच्या घरात एकादशीला किंवा शिवरात्रीला भगर शिजते, शेंगदाण्याची आमटी होते आणि त्या आमटीत हिरवी मिरची चांगली झणझणीत पडते. भगरीच्या मऊ, फिक्या घासाला ती आमटी हवीच. आता त्या ताटात गुळाच्या पाकातले रताळे ठेवा. भगर एकीकडे, पाक दुसरीकडे, आणि दोन्ही एकमेकांशी बोलत नाहीत. त्याच जागी तिखट, मोकळा, दाण्याचे कूट घातलेला रताळ्याचा कीस वाढला की ताट जुळते. ताटाच्या उजव्या बाजूला जिथे एरवी भाजी येते ती जागा या किसाची, आणि त्यासाठी त्याने भाजीसारखे वागायला हवे.

तिखटाशी रताळ्याचे नातेही जुनेच आहे, दोघे एकाच खंडातून आलेले. रताळे अमेरिका खंडाचे, मिरचीही तिथलीच आणि भुईमूगही तिथलाच. पोर्तुगीजांनी १५१० साली गोवा घेतला आणि त्यानंतरच्या काळात त्यांच्या जहाजांमधून ही पिके आपल्या किनाऱ्याला लागली. बटाटा मागाहून रुजला. साबुदाणा ज्या कंदापासून करतात तो टॅपिओका अमेरिकेचा, आणि साबुदाण्याचे सेलमचे कारखाने तर १९४०च्या दशकात उभे राहिले. राजगिऱ्याच्या आज पिकणाऱ्या मुख्य जातींचे मूळही तिकडेच सापडते. मुकुंदराजांनी शके १११० म्हणजे ११८८ साली विवेकसिंधु पूर्ण केला तेव्हा अंबाजोगाईत यातले काहीच नव्हते. पुढे हे सगळे पाहुणे उपवासाच्या पंगतीत मानाने बसले, आणि पिढ्यान्‌पिढ्या या जमिनीत पिकणारे गहू-ज्वारी मात्र त्या दिवशी बाहेर राहिले. शास्त्रात ज्याचे नावच नाही त्याला बंदी कोण घालणार? हा आपल्या आज्यांनी काढलेला तोडगा मला फार आवडतो.

म्हणून तिखट किसात रताळे, मिरची आणि शेंगदाणा एकत्र येतात तेव्हा चव बसते. गोडाला तिखट अडवते, पिठूळपणाला दाण्याचा तेलकट खमंगपणा तोडतो. राहतो आंबटपणा, तो लिंबाने किंवा आमसुलाने येतो.

पण नुसत्या मिरच्या वाढवून रताळे तिखट होत नाही. त्याचा गोडवा किती येऊ द्यायचा हे विस्तवावर ठरते, आणि खरी मेख तिथेच आहे. कच्च्या रताळ्यात थोडी साखर असते, पण मोठा भाग स्टार्चचा. त्याच्यासोबत बीटा-अमायलेज नावाचे एक विकर असते. रताळे तापत जाऊन साधारण साठ ते पंचाहत्तर अंशांच्या टप्प्यात आले की स्टार्च फुलतो आणि हे विकर त्याचे माल्टोज या साखरेत रूपांतर करू लागते. त्या टप्प्यात रताळे जितका वेळ रेंगाळेल तितके ते गोड होते. पुढे उष्णता आणखी वाढली की विकर निकामी होते आणि साखर बनणे थांबते. चुलीतल्या फुफाट्यात पुरलेले अख्खे रताळे मधासारखे गोड लागते ते यामुळेच. राखेची ऊब त्याच्या गाभ्यापर्यंत सावकाश पोचते. जपानमध्ये तापलेल्या खड्यांमध्ये रताळी भाजून विकतात, तिथेही हाच हिशेब.

तिखट भाजीला उलटे करायचे. रताळे बारीक करा, म्हणजे ते लगेच तापेल, आणि आच मोठी ठेवा. आधी उकडून, मग साल काढून, मग फोडणीला टाकण्याची आपली जी सवय आहे ती बटाट्यासाठी ठीक. रताळ्याच्या बाबतीत तिथेच पहिला घोटाळा होतो. उकडताना ते गोडही होते आणि मऊही, नंतर परतताना त्याचा लगदा.

पाच-सहा माणसांच्या ताटांसाठी अर्धा किलो रताळी घ्यावीत. लाल सालीची, पांढऱ्या गराची, मध्यम जाडीची. फार जाड रताळ्यांत दोरे निघतात. साल काढायची की नाही हा घरचा प्रश्न. कोवळ्या रताळ्याची साल नुसती घासून धुतली तरी चालते. जाड भोकांच्या किसणीने थेट पाणी भरलेल्या पातेल्यात किसावे. हवा लागली की किसाला काळपट रंग येतो, पाण्यात तो थांबतो आणि वरवरचा स्टार्चही धुऊन निघतो. पाणी गढूळ होईल, ते ओतून द्यावे. मग कीस पंच्यात घट्ट पिळावा. हा पिळण्याचा भाग कंटाळवाणा आहे आणि बहुतेक जण तो टाळतात; त्यांच्या किसाचे गोळे होतात.

कढईत दोन-तीन चमचे शेंगदाण्याचे तेल किंवा तूप चांगले तापू द्यावे. त्यात चमचाभर जिरे, मग सहा-सात हिरव्या मिरच्या, पण वाटलेल्या नव्हे, थोड्या शेंदेलोणासोबत खलबत्त्यात ठेचलेल्या. मिरचीचा ठसका उठला की कीस घालायचा आणि आच मोठी ठेवून उलथन्याने खालीवर करत राहायचे. झाकण ठेवायचे नाही, पाण्याचा हबका मारायचा नाही. झाकणाखाली वाफ कोंडते आणि कीस चिकट होतो. सात-आठ मिनिटांत तो शिजतो, कडेच्या काही काड्या तांबूस होतात. तेव्हा अर्धी वाटी दाण्याचे कूट घालावे, खरपूस भाजलेल्या दाण्यांचे आणि जाडसर. उरलेले मीठ अगदी शेवटी, कारण ते आधी पडले तर किसाला पाणी सोडायला लावते. गॅस बंद करून अर्ध्या लिंबाचा रस. कोथिंबीर काही घरांत उपवासाला चालते, काहींत नाही, जिऱ्याचेही तसेच. त्या वादात मी पडत नाही.

फोडींची भाजी करायची असेल तर आंबटाची वेळ बदलते. फोडी तेलात जरा परतल्या की लगेच तीन-चार आमसुले घालावीत. आंबट माध्यमात कंदाच्या पेशींना धरून ठेवणारे पेक्टिन लवकर विरघळत नाही, त्यामुळे फोडी शिजूनही अख्ख्या राहतात. भाजी शिजल्यावर आमसूल घातले तर चव तीच येते, फोडी मात्र मोडलेल्या असतात.

हे उपवासाचे झाले. माझे खरे भांडण वेगळेच आहे. रताळे उपवासापुरतेच का? दिवाळी, पाडवा, भोगी अशा सणांच्या जेवणात त्याला बोलवायला काय हरकत आहे? पुरणपोळी आणि येळवणीच्या आमटीबरोबर बटाट्याची पिवळी भाजी ठरलेली असते. तिच्या जागी एकदा येसराचे रताळे करून पाहावे. येसर मराठवाड्याबाहेरच्यांना समजावून सांगावा लागतो: धान्य, डाळ, धणे, खोबरे आणि गरम मसाला वेगवेगळे भाजून एकत्र दळलेला मसाला. त्यात धान्य असल्यामुळे तो रश्शाला दाटपणाही देतो, आणि म्हणूनच तो उपवासाला चालत नाही. रताळ्याच्या सालीसकट फोडी तेलात कडेने तांबूस होईपर्यंत परताव्यात, त्यात चिंचेचा कोळ, मीठ, थोडी हळद, आणि दोन चमचे येसर वाटीभर पाण्यात कालवून. एक उकळी आली की पुरे. देवाला नैवेद्य दाखवायचा नसेल तर फोडणीत लसूण घालावा. येसर आणि लसूण एकमेकांना ओळखतात. भोगीच्या मिसळीच्या भाजीत काही घरी रताळ्याच्या फोडी पडतातच. वाल, हरभरा, वांगी, गाजर, तिळाचे कूट आणि वर बाजरीची भाकरी, त्यात तो गोडसर घास मध्येच लागतो तेव्हा बरा वाटतो.

अमेरिकेत थँक्सगिव्हिंगच्या जेवणात रताळे असतेच, पण तिथे त्याच्यावर साखर आणि वर मार्शमेलोचा थर. ती चाल रुजली ती १९१७ साली मार्शमेलो विकणाऱ्या एका कंपनीने छापून घेतलेल्या पाककृतींच्या पुस्तिकेमुळे. म्हणजे गोडावर गोड ही खोड फक्त आपली नाही; आपल्याकडे निदान त्यामागे कोणाचा धंदा नव्हता.

त्याच देशात रताळ्याचा खरा कैवारी होऊन गेला आणि त्याला मराठी वाचक चांगले ओळखतात. वीणा गवाणकरांचे ‘एक होता कार्व्हर’ १९८१ साली आले, आणि तेव्हापासून जॉर्ज वॉशिंग्टन कार्व्हर आपल्या घरचा झाला. सतत कापूस घेऊन थकलेल्या अलाबामाच्या जमिनीत भुईमूग आणि रताळी लावा, असे तो टस्कीगीतून शेतकऱ्यांना सांगत होता. भुईमुगाने जमिनीत नत्र येते, रताळ्याने कमी खर्चात पोट भरते. लोक पिकवतील पण विकतील कुठे, म्हणून त्याने दोन्हींचे पदार्थ शोधले, रताळ्याचे शंभराहून अधिक. गेवराई, माजलगाव, वडवणीच्या कापसाच्या पट्ट्यात राहणाऱ्याला ही गोष्ट परकी वाटू नये. आपल्या किसात कार्व्हरची दोन्ही पिके एकाच कढईत पडतात.

तरीही बीडच्या बाजारातली बरीच रताळी बाहेरचीच. मोठ्या बाजारांत बेळगावकडची मोठी रताळी येतात, आणि सोलापूर जिल्ह्यातल्या करमाळ्याची लहान, लाल, जास्त गोड गावरान रताळीही. तिखट कीस करायला मला बेळगावची बरी वाटतात; किसायला सोपी आणि गोडाला जरा कमी. करमाळ्याची फुफाट्यासाठी राखावीत.

खरे तर बालाघाटाच्या हलक्या, निचऱ्याच्या उतारांवर हे पीक येण्यासारखे आहे. त्याला बियाणे विकत घ्यावे लागत नाही. वेलाचे तीन-चार डोळ्यांचे तुकडे सरीच्या वरंब्यावर खोचायचे, साडेतीन-चार महिन्यांत रताळी खणायला येतात. म्हणजे नवरात्र ते दिवाळीच्या दरम्यान वेल लावला आणि त्याला थोडे पाणी मिळाले, की काढणी बरोबर महाशिवरात्रीच्या बाजारावर येते. दोन गोष्टी सांभाळायच्या. नत्र फार दिले की पाला माजतो आणि खाली काही धरत नाही. आणि वेल मधूनमधून उलटावे लागतात, नाहीतर पेरापेराला मुळ्या फुटून रताळी बारीक राहतात. सोंड्या भुंगा हा याचा मोठा शत्रू. त्याने पोखरलेले रताळे कडू लागते, आणि कोणत्याही मसाल्याने तो कडूपणा जात नाही. घेताना बारीक छिद्रे दिसली तर ते रताळे ढिगात परत ठेवावे.

दसरा-दिवाळीच्या सुमारास बीड जिल्ह्यातून ऊसतोडीच्या टोळ्या पश्चिम महाराष्ट्रात आणि कर्नाटकात निघतात. कार्तिकी एकादशी अनेकांची फडावर, कोपीसमोरच्या तीन दगडांच्या चुलीवर होते. पाचटाचा जाळ भडकतो आणि झटक्यात विझतो. किसाला नेमका असाच जाळ लागतो, आणि सामानही एवढेच: रताळी, मिरच्या, मीठ, मूठभर शेंगदाणे.

घरी आणलेली रताळी फ्रिजमध्ये ठेवू नयेत. बारा-तेरा अंशांखालच्या थंडीने त्यांचा गाभा कडक होतो आणि कितीही शिजवले तरी मधला भाग टणकच राहतो. टोपलीत, हवेशीर जागी, न धुता ती आठवडाभर सहज टिकतात.

कीस मात्र उरतोच, कारण उपवासाला आपण नेहमी जास्तीचे करतो. दुसऱ्या दिवशी उपवास सुटला की त्यात मावेल तेवढे ज्वारीचे पीठ, बारीक चिरलेला कांदा, ओवा आणि हळद घालून मळावे आणि तव्यावर थालीपीठ थापावे. मध्ये एक भोक पाडून तेल जरा सढळ हाताने सोडावे आणि आच मंद ठेवावी. रताळ्यातली साखर मोठ्या आचेवर तव्याला धरते, आणि मग थालीपीठ उलटताना अर्धे तव्यावरच राहते.