लिंबू, बिब्बा, शेंदूर : मांत्रिकाच्या पोतडीतल्या वस्तू नीट पाहू या

आपल्या कोणत्याही वस्तीत शनिवारी सकाळी एक फेरी मारा. घरात तथागतांची आणि बाबासाहेबांची प्रतिमा असते, आणि त्याच घराच्या चौकटीला लिंबू, मिरच्या व बिब्बा ओवलेला दोरा लटकत असतो. बाळाला ताप आला की आजी मीठ-मोहऱ्या ओवाळून टाकते. ताप उतरला नाही तर कुणीतरी भगताचा पत्ता सांगतो. यावर नुसते हसून किंवा चिडून उपयोग नाही. पोतडीतल्या वस्तू काय आहेत, हे आपल्या कार्यकर्त्यांना माहीत असेल तरच घरच्यांशी बोलता येईल. म्हणून हा लेख.

बुद्धाने काय नाकारले, काय स्वीकारले?

दीघनिकायातील ब्रह्मजालसुत्तात भिक्खूंनी ज्या विद्यांवर पोट भरू नये त्यांची लांबलचक यादी आहे. त्यात तूस, कणी, तांदूळ, तूप, तेल आणि रक्त यांचे होम येतात. भूतविद्या, सर्पविद्या, विंचवाची विद्या, विषविद्या याही येतात. म्हणजे अडीच हजार वर्षांपूर्वीचे मांत्रिकाचे सामान या यादीत जवळजवळ जसेच्या तसे नोंदलेले आहे. याच यादीत वैद्यकीवर पोट भरणेही येते. पण त्यावरून बुद्धाला औषध नको होते असा अर्थ काढू नये. इथे प्रश्न भिक्खूच्या उपजीविकेचा आहे.

आता विनयपिटकातील महावग्ग उघडा. त्यात औषधांवर स्वतंत्र प्रकरण आहे. तूप, लोणी, तेल, मध आणि काकवी ही पाच औषधे आजारी भिक्खूंसाठी सांगितली आहेत. मुळांमध्ये हळद, आले, वेखंड, वाळा, नागरमोथा आहे. पानांमध्ये कडुनिंब आणि तुळस आहे. फळांमध्ये वावडिंग, पिंपळी, मिरी, हिरडा, बेहडा, आवळा आहे. शिवाय हिंग आणि पाच प्रकारचे मीठ. आपल्या आजीच्या बटव्यात यातले बरेच काही आजही सापडेल. हा वारसा आपला आहे, तो मांत्रिकाच्या नावावर करू नये.

मात्र प्रामाणिकपणे हेही सांगितले पाहिजे की, त्याच प्रकरणात सर्पदंशावर विष्ठा, मूत्र, राख आणि माती यांचाही उल्लेख आहे. पुढच्या काळात बौद्ध परंपरेतही मंत्र शिरले. १८९० मध्ये मध्य आशियातील कुचा येथे मिळालेल्या भूर्जपत्रांच्या पोथीत, जी बोवर हस्तलिखित म्हणून ओळखली जाते, लसणाचे गुण आणि औषधांचे पाठ आहेत, आणि त्याच पोथीत सापाच्या विषावरची महामायुरी विद्याही आहे. तेव्हा ग्रंथात आहे म्हणून खरे, असे आपण म्हणायचे नाही. पारखून घ्यायचे, हीच तर आपली शिकवण.

वस्तू आणि त्यांचे गुण

पोतडीतल्या काही वस्तू निरुपद्रवी, काही औषधी, तर काही सरळ विषारी असतात.

बिब्बा घ्या. त्याच्या तेलाने कातडी भाजते, फोड येतात. धोबी कपड्यांवर खूण करायला तो वापरत, कारण डाग जात नाही. आयुर्वेदात तो शुद्ध केल्याशिवाय वापरत नाहीत. असा बिब्बा लहान मुलाच्या अंगावर उमटवणे म्हणजे भाजणेच.

शेंदूर म्हणजे शिशाचे संयुग. हिंगूळ हे पाऱ्याचे, तर हरताळ आणि मनशीळ ही आर्सेनिकची, म्हणजे सोमलाच्या कुळातली खनिजे. अंगाऱ्यात किंवा पुडीत यातले काही मिसळून पोटात गेले तर मूत्रपिंड आणि मेंदूवर परिणाम होतो. शिशाचा धोका मुलांना सर्वांत जास्त.

खवले मांजराचे खवले आपल्या नखांच्याच द्रव्याचे, केराटिनचे असतात. मांडूळ हा बिनविषारी साप. गुप्तधन मिळते या समजुतीने त्याची तस्करी होते. हे दोन्ही प्राणी १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्याखाली संरक्षित आहेत.

काही ठिकाणी फक्त रसायनाचा खेळ असतो. हळदीला चुना लागला की ती लाल होते, झाले "रक्त". हाताला आंब्याच्या सालीचा रस लावून चुन्याच्या पाण्यात धुतले की पाणी पिवळे होते, म्हणे "कावीळ उतरली". नारळाच्या शेंडीत सोडियम ठेवून पाणी शिंपडले की जाळ निघतो. अंधश्रद्धा निर्मूलनाचे कार्यकर्ते हे प्रयोग गावोगाव करून दाखवतात. आपल्या विहारातही ते करता येतील.

मग गुण येतो तो कसा?

बहुतेक साप बिनविषारी असतात. विषारी साप चावला तरी दर वेळी विष सोडतोच असे नाही. अशा माणसाला मंत्राने काहीही होवो, तो वाचणारच होता. श्रेय मात्र मांत्रिकाला मिळते. नाग, मण्यार, घोणस किंवा फुरसे यांनी खरोखर विष सोडले असेल, तर गेलेला प्रत्येक तास जिवावर बेततो. त्यावर प्रतिसर्पविष हाच उपाय आहे. मुंबईच्या हाफकिनसारख्या संस्थांत घोड्यांच्या रक्तद्रवापासून ते तयार होत आले आहे.

विंचवाचेही तसेच. कोकणातल्या लाल विंचवाच्या दंशाने माणसे दगावत. महाडच्या डॉ. हिंमतराव बावस्कर यांनी रुग्णांच्या उशाशी बसून निरीक्षणे केली आणि प्राझोसिन या रक्तदाबाच्या औषधाने जीव वाचवता येतात हे दाखवले. मंत्राची ताकद किती आणि निरीक्षणाची किती, याचे याहून चांगले उदाहरण नाही.

आपण काय करायचे?

साप चावल्यास माणसाला धीर द्या. चावलेला अवयव हलू देऊ नका. कापू नका, चोखू नका, करकचून बांधू नका. १०८ ला फोन करून सरकारी रुग्णालय गाठा.

कुणी साप, विंचू किंवा कुत्रा चावलेल्या माणसाला दवाखान्यात जाऊ न देता मंत्र-दोरे करत असेल, तर तो २०१३ च्या जादूटोणाविरोधी कायद्याखाली गुन्हा आहे. सहा महिने ते सात वर्षे कैद होऊ शकते. डॉ. नरेंद्र दाभोलकरांच्या खुनानंतर हा कायदा झाला, हे विसरू नका.

आणि एक प्रश्न स्वतःलाही विचारू या. परित्राण पाठानंतर मनगटावर बांधलेला पांढरा धागा आपण सुत्ताची आठवण म्हणून बांधतो, की काळ्या दोऱ्याच्या जागी नुसता रंग बदलला आहे? धाग्याला आमचा विरोध नाही. पण मूल तापाने फणफणत असताना घरात कुणी "पाठ झालाय, बरे वाटेल" म्हणून दवाखाना टाळत असेल, तर तिथे आपणच उठून रिक्षा बोलावली पाहिजे.

भिक्खूसंघात एक भिक्खू अतिसाराने स्वतःच्याच घाणीत पडला होता. तथागतांनी त्याच्यावरून काही ओवाळले नाही. आनंदाला पाणी आणायला सांगितले आणि दोघांनी मिळून त्याला धुतले, उचलून बिछान्यावर ठेवले. येत्या रविवारी विहारात ही गोष्ट सांगा. सोबत जवळच्या रुग्णालयाचा नंबर भिंतीवर लिहून ठेवा.

जय भीम! नमो बुद्धाय!